पेसमेकरची लीड: तपासणीपासून बदलण्यापर्यंत काय पाहायचं, काय विचारायचं

बाबांना पेसमेकर बसवून नऊ वर्षं झाली होती. त्या नऊ वर्षांत घरी आलेल्या प्रत्येक पाहुण्याने एकच प्रश्न विचारला, "बॅटरी किती वर्षं चालते?" आम्हीही दर तपासणीला तेवढंच विचारून घरी यायचो. मग एका पावसाळ्यात असं व्हायला लागलं की बाबा गॅलरीतल्या दोरीवर कपडे वाळत घालायला डावा हात वर करायचे आणि त्यांच्या डोळ्यांपुढे अंधारी यायची. क्षणभरच, मग सगळं पूर्ववत. आम्ही अशक्तपणा म्हणून सोडून दिलं. लिंबू सरबत दिलं, बीपीची गोळी बदलून आणली. पेसमेकर कुणाच्या मनातही आला नाही, कारण बॅटरी तर अजून शिल्लक होती.

बिघाड बॅटरीत नव्हताच. छातीत त्वचेखाली पेसमेकरची डबी बसवतात, त्या डबीपासून हृदयापर्यंत जाणारी तार, जिला सगळे लीड म्हणतात, ती कॉलर बोनच्या खाली आतून तुटत आली होती. हात वर केला की तिची टोकं एकमेकांपासून सुटायची.

मी डॉक्टर नाही. बाबांच्या निमित्ताने हृदयाच्या ठोक्यांचे तज्ज्ञ आणि पेसमेकर तपासणारे तंत्रज्ञ यांच्यासमोर बसून जे समजून घेतलं आणि पुढे वाचून पडताळलं, ते इथे क्रमाने मांडते आहे. निर्णय तुमच्या डॉक्टरांचाच, पण त्यांच्यासमोर बसताना काय विचारायचं हे घरच्यांना ठाऊक असायला हवं.

लीड म्हणजे काय, आणि ती का बिघडते

साधारण ५० ते ६० सेंटीमीटर लांब, जेमतेम २ मिलिमीटर जाड अशी ही तार. आत धातूची बारीक गुंडाळी, बाहेर सिलिकॉन किंवा पॉलियुरेथेनचं वेष्टण. कॉलर बोनजवळच्या शिरेतून ती हृदयाच्या उजव्या बाजूला नेतात. टोकाला स्क्रूसारखा मळसूत्री भाग असतो, तो हृदयाच्या आतल्या भिंतीत फिरवून घट्ट करतात. काही लीड्सना त्याऐवजी मऊ आकडे असतात, ते आतल्या स्नायूंच्या जाळीत अडकतात. हृदयाच्या एकाच कप्प्याला ठोका द्यायचा असेल तर एक लीड, दोन कप्प्यांना दोन, आणि हृदय कमजोर असलेल्या काही रुग्णांना डाव्या बाजूसाठी तिसरी.

आता हिशेब बघा. हृदय दिवसाला सुमारे १ लाख वेळा आकुंचन पावतं, म्हणजे लीड वर्षाला साडेतीन कोटींहून जास्त वेळा वाकते. त्यात कॉलर बोन आणि पहिली बरगडी यांच्यामधल्या अरुंद फटीतून ती गेलेली असेल, तर हाताच्या प्रत्येक हालचालीला तिथे चिमटा बसतो. बाबांची तिथेच तुटली.

पेसमेकरचा इतिहासही बिघाडापासूनच सुरू होतो. ८ ऑक्टोबर १९५८ रोजी स्टॉकहोमच्या कॅरोलिन्स्का रुग्णालयात आर्ने लार्सन यांच्या शरीरात जगातला पहिला पेसमेकर बसवला, तो काही तासांतच बंद पडला. पुढे त्यांना आयुष्यभरात वीसहून अधिक पेसमेकर लागले, आणि ते २००१ पर्यंत जगले. हे मी बाबांना सांगितलं तेव्हा त्यांचा चेहरा उजळला होता.

आधी कागद गोळा करा

पेसमेकर बसवल्यावर रुग्णालय एक कार्ड देतं. बहुतेक घरांत ते कपाटात पडून असतं. आज काढा आणि बघा, त्यावर डबीचं मॉडेल आणि सीरियल नंबर तर असेलच, पण लीडचं मॉडेल, नंबर आणि बसवल्याची तारीख आहे का? नसेल तर जिथे शस्त्रक्रिया झाली तिथून डिस्चार्ज कार्डाची आणि शस्त्रक्रियेच्या टिपणाची प्रत मागून घ्या. कार्डाच्या दोन्ही बाजूंचा फोटो घरातल्या प्रत्येकाच्या मोबाइलमध्ये ठेवा.

याचं कारण असं की एखाद्या मॉडेलच्या लीडमध्ये दोष आहे हे कधीकधी काही वर्षांनी कळतं. २००७ साली डिफिब्रिलेटरच्या (धोकादायक ठोके थांबवायला आतून शॉक देणाऱ्या यंत्राच्या) एका प्रकारच्या लीड्स त्या तुटतात म्हणून जगभर बाजारातून मागे घेतल्या गेल्या. ज्या घरी लीडचा नंबरच नाही, त्या घराला अशी सूचना आपल्यासाठी आहे की नाही, हे कळणार कसं?

एमआरआयच्या वेळीही हेच कार्ड लागतं. नुसती डबी एमआरआयला चालणारी असून भागत नाही, लीडसुद्धा तशीच असावी लागते. आणि एक गोष्ट जी कुणी बोलत नाही, पण बोलायला हवी: माणूस गेल्यावर दहनाआधी पेसमेकरची डबी काढून घ्यावी लागते, कारण उष्णतेने तिची बॅटरी फुटते. त्या वेळी घरात कुणाला सुचत नाही. कार्डासोबत ही सूचना लिहून ठेवा.

तपासणीच्या कागदावरचे तीन आकडे

तपासणीत तंत्रज्ञ छातीवर एक चकती ठेवतो, समोरच्या यंत्रावर आकडे येतात, आणि दहा-पंधरा मिनिटांत "सगळं छान आहे" असं सांगून आपल्याला पाठवतात. त्या दिवशीचा छापील अहवाल मागून घ्या, दर वेळी. त्यावर प्रत्येक लीडपुढे तीन गोष्टी असतात.

थ्रेशोल्ड म्हणजे हृदयाचा ठोका पाडायला कमीत कमी किती व्होल्ट लागतात. चांगल्या लीडला हा आकडा बहुधा १ व्होल्टच्या आसपास किंवा त्याहून कमी असतो. तो वाढत गेला, तर टोक हललंय, तिथे जखमेचा व्रण घट्ट झालाय किंवा तारेत दोष आहे, अशा शंका येतात. वाढलेला थ्रेशोल्ड बॅटरीही लवकर खातो.

सेन्सिंग म्हणजे हृदयाचा स्वतःचा ठोका लीडला किती स्पष्ट ऐकू येतो. तो मिलिव्होल्टमध्ये मोजतात. खालच्या कप्प्यात ५ च्या वर आणि वरच्या कप्प्यात दीड-दोनच्या वर असला की डॉक्टर निश्चिंत असतात.

तिसरा आकडा इम्पिडन्स, म्हणजे विजेच्या वाटेतला अडथळा, ओहममध्ये. बहुतेक लीड्समध्ये तो काही शे ते हजारच्या आसपास असतो. मॉडेलप्रमाणे फरक पडतो, म्हणून एका दिवसाच्या आकड्यापेक्षा आधीच्या अहवालांशी तुलना महत्त्वाची. तो एकदम २०० च्या खाली घसरला, तर बाहेरचं वेष्टण फाटून वीज गळत असण्याची शक्यता. एकदम २,००० च्या वर गेला, तर आतली तार तुटलेली किंवा डबीत लीड घट्ट करणारा स्क्रू सैल.

बाबांचे जुने अहवाल मी नंतर जमिनीवर ओळीने मांडले. ५२०, ५४०, ५१०, असं वर्षानुवर्षं. शेवटच्या अहवालावर सर्वांत जास्त नोंद २,००० च्या पुढे होती, पण तपासणीच्या क्षणी आकडा पुन्हा ६०० दिसला. तुटत आलेली तार अशी मधूनच जुळते. म्हणूनच, दोरीवर कपडे टाकताना त्रास होतो असं आम्ही सांगितलं, तेव्हा तंत्रज्ञाने पडद्याकडे बघत बाबांना हात वर, मागे, आडवा करायला लावला. तिसऱ्या हालचालीला पडद्यावर खरखर उमटली. पेसमेकरने ती खरखर म्हणजे हृदयाचे ठोके समजून स्वतःचा ठोका थांबवला होता. अंधारी यायची ती याच्यामुळे.

तेव्हा त्रास नेमका काय करताना होतो, हे तपासणीच्या आधीच सांगा. आणि एकदा तरी हा प्रश्न विचारा: "पेसमेकर थांबला तर यांचे स्वतःचे ठोके किती पडतात?" ज्यांचे जवळजवळ पडतच नाहीत, ते पेसमेकरवर पूर्ण अवलंबून. त्यांच्या बाबतीत लीडची शंका म्हणजे त्याच दिवशी रुग्णालय. बाकीच्यांना थोडी सवड असते.

पहिले तीन महिने

नव्या लीडचा सर्वांत सामान्य त्रास म्हणजे ती जागेवरून सरकणं, आणि ते बहुधा पहिल्या काही आठवड्यांत होतं. म्हणून चार ते सहा आठवडे तो हात खांद्याच्या वर न्यायचा नाही, बादली उचलायची नाही, लोकल किंवा एसटीत त्या हाताने दांडा धरायचा नाही. पण हात गळ्यात बांधून निश्चलही ठेवू नका, खांदा आखडतो. कोपर, मनगट आणि खांद्याच्या पातळीपर्यंतची हालचाल चालू ठेवावी.

शस्त्रक्रियेनंतरचा एक्स-रे फुप्फुसाभोवती हवा शिरली नाही ना आणि लीड जागेवर आहे ना, हे पाहण्यासाठी असतो. छातीत टोचल्यासारखं दुखणं, धाप, बीपी घसरणं हे लीडचं टोक हृदयाची भिंत भेदून गेल्याचं लक्षण असू शकतं. ते क्वचित होतं, पण तिथे तासाचाही विलंब नको. सतत उचकी लागणं किंवा पोटाच्या वरच्या बाजूला ठोक्याच्या तालात उडणं हेही कळवा, लीड सरकून श्वासपटलाला वीज लागत असू शकते.

टोकाशी सूज येऊन थ्रेशोल्ड सुरुवातीला थोडा वाढतो आणि मग खाली येतो. म्हणून आधी व्होल्टेज जास्त ठेवतात आणि तीन महिन्यांच्या सुमारास कमी करतात. ही तपासणी चुकवली तर बॅटरी कित्येक महिने विनाकारण जास्त जळते.

काही वयस्कर माणसांना त्वचेखालची डबी बोटांनी चाळवायची, फिरवायची सवय लागते. डबी फिरली की लीड तिच्याभोवती रहाटाच्या दोरासारखी गुंडाळली जाते आणि हृदयातून ओढली जाते. त्यावर प्रेमाने पण सतत लक्ष ठेवा.

जंतुसंसर्ग: इथे घरगुती उपाय नको

लीडच्या सगळ्या त्रासांत मला सर्वांत जास्त याची भीती वाटते, कारण त्याची सुरुवात किरकोळ दिसते. डबीवरची त्वचा लाल, गरम किंवा जांभळट होते, पातळ होऊन आतल्या डबीला चिकटल्यासारखी दिसते, एखादा थेंब पाणी येतं. लोक हळद लावतात, मलम लावतात, जवळच्या दवाखान्यात अँटिबायोटिकचा कोर्स घेतात. आठवडाभर बरं वाटतं आणि पुन्हा सुरू.

परकीय वस्तूवर जंतूंचा चिकट थर बसला की औषध तिथे पोचत नाही. त्यामुळे संसर्ग नक्की झाला असेल तर डबी आणि सगळ्या लीड्स पूर्ण काढणं, असंच आंतरराष्ट्रीय मार्गदर्शक सूचना सांगतात. डबी किंवा तारेचा कण जरी त्वचेबाहेर दिसला तरी सगळी यंत्रणा दूषित धरतात. वरून टाके घालून बंद केल्याने आतला संसर्ग जात नाही. डबीभोवती साचलेलं पाणी सुईने काढायला कुणी सुचवलं तर नको म्हणा, त्याने जंतू आत जाऊ शकतात.

दुसरा प्रकार आणखी लपलेला. बाहेरून त्वचा छान, पण आठवडेच्या आठवडे बारीक ताप, थंडी, वजन उतरणं. आपल्याकडे तापाला मलेरिया, टायफॉइड, डेंग्यू अशी नावं लगेच मिळतात आणि एकामागून एक औषधं सुरू होतात. पेसमेकर असलेल्या माणसाला कारण न सापडणारा ताप असेल तर पहिली गोळी घेण्याआधी रक्ताचं कल्चर (रक्तात जंतू वाढतात का ते पाहणारी तपासणी) द्या, वेगवेगळ्या जागांहून किमान दोन वेळा घेतलेलं. अँटिबायोटिक आधी सुरू झालं की जंतू कल्चरमध्ये सापडणं अवघड होतं. त्यानंतर अन्ननलिकेतून करतात तो इको (हृदयाची सोनोग्राफी) लागतो, कारण लीडवर चिकटलेल्या जंतूंच्या गाठी छातीवरच्या इकोत सुटून जाऊ शकतात.

सगळं काढल्यावर नवा पेसमेकर लगेच बसवत नाहीत. रक्ताची कल्चर्स किमान ७२ तास स्वच्छ येईपर्यंत थांबतात, मग बहुधा दुसऱ्या बाजूला बसवतात. मधल्या काळात अवलंबून असलेल्या रुग्णाला तात्पुरती लीड घालून डबी शरीराबाहेर ठेवतात. आणि डॉक्टर या टप्प्यावर पेसमेकरची गरज अजून आहे का, हे नव्याने तपासतात. काहींना ती उरलेली नसते.

संसर्ग नाही, पण लीड बिघडली आहे

इथे पर्याय अनेक, आणि घाईने सही करायची जागा ही नव्हे.

कधी शस्त्रक्रियाच लागत नाही. व्होल्टेज वाढवून किंवा लीडच्या दोन ध्रुवांऐवजी एका ध्रुवावर चालवून यंत्रावरूनच मार्ग निघतो. वेष्टण थोडं फाटलं असेल आणि रुग्ण अवलंबून नसेल, तर हे काही काळ पुरतं. डबीतला स्क्रू सैल असेल तर त्वचेखालची डबीची जागा उघडून तो घट्ट केला की झालं. नुकतीच बसवलेली लीड सरकली असेल तर तीच पुन्हा जागेवर बसवतात.

तार तुटली असेल तर नवी लीड हवीच. प्रश्न उरतो जुनीचं काय करायचं. ती टोपण घालून आतच ठेवायची, की काढून टाकायची?

आत ठेवणं त्या दिवशी सोपं आणि कमी जोखमीचं. पण तिची किंमत पुढे मोजावी लागते. शिरेत गर्दी होते, पुढे संसर्ग झाला तर ती आणखी जुनी, आणखी चिकटलेली लीड काढावी लागते, आणि सोडून दिलेल्या लीडमुळे एमआरआयला अनेक केंद्रं नकार देतात. हृदयाच्या उजव्या बाजूच्या दोन कप्प्यांमधल्या त्रिदल झडपेतून जाणाऱ्या तारांची संख्या वाढली की झडप गळण्याचीही भीती असते. पाय सुजणं, पोट फुगणं हे त्याचं लक्षण. एका बाजूने चारपेक्षा जास्त लीड्स होणार असतील तर जुनी काढण्याचा विचार करावा, असं जाणकार मानतात.

तरुण माणसाच्या बाबतीत म्हणून काढण्याकडे कल असावा असं माझं मत झालं आहे. तिशीतल्या रुग्णाला पुढची चाळीस वर्षं त्या शिरेवर भागवायचं असतं. बाबा चौऱ्याहत्तरचे, संसर्ग नाही, दोनच लीड्स. डॉक्टरांनी आधी हाताच्या शिरेतून डाय, म्हणजे एक्स-रेत दिसणारं द्रव्य, सोडून शीर मोकळी आहे का ते पाहिलं. अरुंद होती, पण वाट होती. नवी लीड बाजूने गेली, जुनी टोपण घालून आत राहिली. शीर पूर्ण बंद असती तर फुगा घालून ती रुंद करणं, उजव्या बाजूने जाणं किंवा छाती थोडी उघडून हृदयाच्या बाहेरून लीड शिवणं, हे मार्ग होते.

डायची ही तपासणी शस्त्रक्रियेच्या आधी करून घेणार का, हे जरूर विचारा. टेबलावर झोपवल्यावर शीर बंद सापडणं टाळता येतं.

जुनी लीड काढायची ठरली तर

वर्षाच्या आतली लीड बहुधा साध्या ओढीने निघते. त्यानंतर शिरेच्या आणि हृदयाच्या भिंतीशी तिच्याभोवती व्रणाचं आवरण तयार होतं, जुन्या झाडाच्या मुळाभोवती माती घट्ट व्हावी तसं. मग तारेच्या आतून एक घट्ट अडकून बसणारी सळई घालून तिला पकड देतात आणि बाहेरून लेझरची किंवा फिरत्या पात्याची नळी सरकवत ते आवरण सोडवत जातात. मुख्य धोका हृदयाकडे येणारी वरची महाशीर किंवा हृदयाची भिंत फाटण्याचा. तसं झालं तर मिनिटांत छाती उघडावी लागते.

आकडे धीर देणारे आहेत. उत्तर अमेरिकेतल्या १३ केंद्रांवरच्या १,४४९ रुग्णांच्या, २०१० साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात यश ९७.७ टक्के आणि गंभीर गुंतागुंत १.४ टक्के होती. युरोपातल्या साडेतीन हजारांहून जास्त रुग्णांच्या नोंदीत प्रक्रियेमुळे झालेली गंभीर गुंतागुंत १.७ टक्के आढळली. पण हे आकडे अनुभवी केंद्रांचे आहेत, आणि वर्षाला ३० पेक्षा कमी अशा प्रक्रिया करणाऱ्या केंद्रांचे निकाल युरोपातही कमी चांगले होते. म्हणून डॉक्टरांना न संकोचता विचारा: इथे वर्षाला किती लीड्स काढता? हृदयाचे सर्जन त्या वेळी खोलीत किंवा शेजारच्या खोलीत असतील का? रक्त तयार ठेवणार का? प्रश्न विचारल्याने चांगला डॉक्टर रागावत नाही. गावाजवळच्या रुग्णालयात पेसमेकर उत्तम बसवत असतील, तरी जुनी लीड काढायला मोठ्या केंद्रात जाणंच योग्य.

लीडच नको: कॅप्सूल पेसमेकर

मायक्रा नावाचा बिनतारी पेसमेकर अमेरिकेत २०१६ मध्ये मंजूर झाला. वजन सुमारे २ ग्रॅम, लांबी अडीच सेंटीमीटरच्या आसपास. मांडीच्या शिरेतून नेऊन उजव्या खालच्या कप्प्यात बसवतात. छातीवर डबी नाही, तार नाही. शिरा बंद झालेल्या, डायलिसिसवर असलेल्या किंवा संसर्गामुळे सगळं काढावं लागलेल्या रुग्णांसाठी हा मोठा आधार आहे. एव्हीर या दुसऱ्या प्रकारात २०२३ पासून दोन कप्प्यांसाठी एकमेकांशी बोलणाऱ्या दोन कॅप्सूल मिळतात.

मर्यादाही आहेत. किंमत बरीच जास्त, सगळ्यांच्या हृदयाला तो जुळत नाही, आणि बॅटरी संपल्यावर जुनी कॅप्सूल काढायची की शेजारी नवी बसवायची, हे प्रकारावर आणि किती काळ झाला त्यावर ठरतं. तरुण रुग्णाने हे आधी नीट विचारून घ्यावं.

पैशांचं

महात्मा ज्योतिराव फुले जन आरोग्य योजनेत पेसमेकर बसवण्याचं पॅकेज आहे. नुसती लीड बदलणं, जुनी काढणं किंवा कॅप्सूल पेसमेकर याला मंजुरी मिळेल का, ते रुग्णालयातल्या आरोग्यमित्राकडे दाखल होण्याआधी विचारा आणि उत्तर लेखी घ्या. खासगी विम्यातही लीडचा वेगळा उल्लेख शोधा.

बॅटरी बदलायच्या आधी

बॅटरी संपत आली की डबी बदलतात, लीड तीच राहते. हीच वेळ लीडकडे बघण्याची, कारण डबीची जागा पुन्हा उघडली की संसर्गाचा धोका पहिल्या वेळेपेक्षा वाढतो, आणि पुन्हा सहा महिन्यांत लीडसाठी उघडावं लागलं तर आणखी. तारीख ठरवण्याआधी गेल्या काही वर्षांचे तिन्ही आकडे डॉक्टरांसमोर ठेवा. लीड किती वर्षांची आहे, पुढच्या बॅटरीच्या आठ-दहा वर्षांत ती टिकेल असं वाटतं का, तिच्या मॉडेलबद्दल कुठली सूचना आली आहे का, आणि बदलायची तर याच वेळी बदलावी का, हे विचारा. मधुमेह असेल किंवा रक्त पातळ करायच्या गोळ्या चालू असतील, तर डबीभोवती घालायच्या, संसर्ग टाळणाऱ्या औषधी जाळीच्या पिशवीबद्दल आणि गोळ्यांच्या वेळापत्रकाबद्दलही बोला. गोळ्या स्वतःहून बंद करू नका.

बाबांची नवी लीड बसल्यानंतर दुसऱ्या दिवशी आम्ही नवं कार्ड मागितलं. त्यावर नव्या लीडचा नंबर होता, पण आत ठेवलेल्या जुनीचा नव्हता. तो हाताने लिहून, शिक्का मारून घेतला.